टेबललॅम्पची घुंडी

सकाळी, घरात कुणीही हात लावलेला नसताना, टेबललॅम्पची शेड कलली. फार नाही, सभेत बसलेल्या म्हाताऱ्याला पेंग यावी आणि त्याची टोपी एका भुवईवर उतरावी, एवढीच. पण समोर पेपर घेऊन बसलेल्या सर्जेरावांची मान एकदम वर आली. रोलिंग मिल चालू असताना तिचा आवाज एकाएकी अर्ध्या सुरानं खाली यायचा, तेव्हा यायची तशी. त्यांनी पेपर ठेवला, घरात इकडेतिकडे पाहिलं, उठून डाव्या हाताच्या एका बोटानं शेड सरळ केली आणि परत जागेवर येऊन बसले. शेडनं थोडा वेळ त्यांचा मान राखला. मग पंख्याचा वारा लागला आणि ती पुन्हा त्याच अंगाला, अगदी आरामात, कलली. सर्जेरावांनी उठून पंखा बंद केला. जयंती होऊन आठवडा उलटला होता, चौकातले निळे झेंडे उन्हानं आकाशी व्हायला लागले होते आणि जालन्यात त्या दिवसांत पंखा बंद करणाऱ्या माणसाला शेजारी लोक घरात सगळं ठीक आहे ना, असं विचारतात.

सर्जेराव निवृत्त झाले होते, पण निवृत्त झाली होती ती नोकरी. नजर अजून रोज कामावर जात होती. एमआयडीसीतल्या एका मिलच्या टेस्टिंग विभागात त्यांनी उमेदीची वर्षं घालवली होती. तिथं सळया यायच्या. सर्जेराव त्या ताणायचे, वाकवायचे, तोडायचे आणि मग एकतर 'पास' म्हणायचे नाहीतर लाल रंगाचा ब्रश उचलायचे. त्यांनी लाल पट्टा मारलेला माल पुन्हा भट्टीत जायचा, आणि न मारलेला माल लोकांच्या डोक्यावर छत होऊन राहायचा. म्हणून जालन्यात, संभाजीनगरात, थेट परभणीपर्यंत कुठंही उंच इमारत दिसली की ते तिच्याकडे मुलीच्या बापाच्या नजरेनं बघत. पोरगी आपली आहे, दिलीय चांगल्या घरी, तरी लक्ष असलेलं बरं. परक्या बिल्डिंगच्या जिन्यात थांबून ते खांबावर तळवा ठेवत आणि वॉचमननं हटकलं तर सांगत, "काही न्हाई, ओळखीचा हाय." सर्जेरावांनी पास केलेलं काही कलत नसे. आणि इथं त्यांच्या स्वतःच्या घरात, अंबड रोडकडच्या कॉलनीतल्या स्वतःच्या हॉलमध्ये, स्वतःच्या टेबलावर, एक कापडाची टोपी त्यांना जुमानत नव्हती.

लॅम्प दीपमालानं पाठवला होता. दीपमाला ही त्यांची लेक. संभाजीनगरच्या एका कॉलेजात फिजिक्स शिकवायची आणि नावाआधी डॉक्टर लावायची, ज्याचा उल्लेख सर्जेराव भाजीवाल्याजवळसुद्धा विषय काढून करीत. पेपरातली अक्षरं हल्ली बारीक छापतात, अशी त्यांनी फोनवर तक्रार केली होती. त्यावर लेकीनं चष्म्याचं नाव न काढता लॅम्प पाठवला, हे तिचं मोठेपण. खोकं उघडलं तेव्हा त्यांची बायको, चांगुणाबाई, शेजारीच होत्या. त्यातून पितळी बैठक निघाली, तिच्यातून वर गेलेला खांब निघाला, खांबाच्या टोकाला बल्बचं होल्डर, वेगळी गुंडाळलेली पांढरी शेड, आणि एक तारेची कमान. चांगली जाड, दोन्ही पाय खाली सोडलेली, बैलगाडीच्या जोखडाला शोभेल अशा वळणाची.

"ही तार कशाची हो?" चांगुणाबाईंनी विचारलं.

"पॅकिंगची. माल हलू नये म्हणून घालतात."

"मंग हिला एवढं पॉलिश कशापायी केलं?"

"कंपनी मोठी हाय," सर्जेराव म्हणाले, आणि ज्या माणसानं हयातभर पोलाद पारखलं त्यानं कमान उचलून रद्दीवर टाकली. मग त्यांनी शेड घेतली, तिच्या कडेला तीन तारा येऊन मधल्या एका कड्याला मिळत होत्या तो भाग हुशारीनं खाली केला, आणि ते कडं होल्डरवर टेकवलं. त्यांचा हिशेब सरळ होता. जगात जे काही उभं आहे ते खालच्यावर उभं आहे. स्लॅब बीमवर, बीम खांबावर, खांब जमिनीवर. शेड होल्डरवर. व्हिडिओ कॉलवर दीपमालानं ते बांधकाम पाहिलं आणि मोबाइल डोळ्यांजवळ नेला.

"बाबा, शेड उलटी आहे."

"उलटी कशी? रुंद बाजू वर हाय. उजेड चांगला वर जाईल."

"बाबा, छताला काही वाचायचं नाहीये."

मग तिनं समजावून सांगितलं, वर्गात सांगते तसं. ती तार पॅकिंगची नाही, तिला हार्प म्हणतात, आणि सगळा खेळ तिच्यावर आहे. होल्डरच्या खाली एक छोटं खोगीर आहे, दोन्ही बाजूंनी कान वर काढलेलं. कमानीचे पाय जरा आत दाबायचे आणि त्या कानांत सोडायचे. पायांवर छोट्या नळ्या आहेत, त्या खाली घसरल्या की पाय अडकतात. कमान बल्बला वळसा घालून वर जाते. तिच्या शेंड्यावर एक आटे पाडलेला खिळा आहे. शेडचं कडं त्या खिळ्यात बसतं, म्हणजे शेड खालून उचललेली नसते, वरून पेललेली असते. आणि कडं बसलं की त्यावर ही घुंडी फिरवायची, की झालं. सर्जेराव ओठ घट्ट मिटून ऐकत राहिले; दिल्लीहून आयएसआयचे साहेब यायचे तेव्हा ते असेच ऐकायचे. पण मनातून त्यांना आवडलं होतं. भार आधी वर जातो, मग दोन्ही बाजूंनी खाली उतरतो आणि मधल्या दिव्याला त्याची झळ लागत नाही, हे डिझाइन ज्यानं केलं तो माणूस टेस्टिंगवाल्यांची कदर करणारा असणार. त्यांनी पाय दाबले, कमान बसवली, टक् टक् नळ्या पडल्या, शेड सुलटी करून ठेवली. "हे बघ, बसली." "वा! आता घुंडी लावा," असं म्हणून दीपमाला तासाला गेली. चांगुणाबाई कुकर बघायला आत गेल्या. आणि सर्जेराव घुंडीबरोबर एकटे उरले.

घुंडी पितळेची, बोराएवढी, वर निमुळता शेंडा. त्यांनी ती उजव्या हाताच्या अंगठ्यात आणि बोटात धरली, खिळ्याच्या टोकाशी नेली, आणि हात सुरू झाला. त्याला ते 'सुरू होणं' म्हणत. दुसरा शब्द त्यांनी शोधलाच नव्हता, कारण शब्द सापडला असता तर आजारही सापडला असता. आधी करंगळी, मग मनगट, मग जणू मिलमधली मोटर कुणीतरी लांबून चालू केलीय आणि फरशीची थरथर पायांतून चढत येतेय. जड काही उचलायचं असलं तर हात गुमान असे. पाण्याची बादली तो अजूनही शिस्तीत आणायचा. बारीक कामाचं नाव काढलं की मात्र त्याचं डोकं फिरायचं. घुंडी खिळ्यावर टकटक वाजली, आटा सापडेना; एकदा सापडला तो तिरका; मग ती बोटांतून निसटली आणि सोफ्याखाली गेली. गुडघ्यांवर बसून ती काढताना सर्जेरावांनी दाराकडे बघितलं. दार रिकामं होतं. त्यांनी घुंडी टेबलावर ठेवली, आंघोळीला गेले, आणि परत आले तेव्हा घुंडी टेबलावर नव्हती. ती शोकेसमध्ये होती. तथागतांच्या मूर्तीच्या उजव्या हाताला, निळ्या मखमलीच्या तुकड्यावर.

"बाई, किती ग्वाड दिसतंय ते," चांगुणाबाई काच पुसत म्हणाल्या, "स्तूपावानी. राहू द्या तिथंच."

आता, शेडची घुंडी उचलून स्तूप म्हणून मांडावी ही चूक जगातल्या दुसऱ्या कुठल्याही दिवाणखान्यात झाली नसती. ती आपल्याच घरात व्हावी याचं सर्जेरावांना त्या क्षणी इतकं बरं वाटलं की छाती भरून आली. त्यांनी बायकोच्या श्रद्धेकडे कौतुकानं पाहिलं. भाबडी आहे, पण मन सोन्याचं. तिचा स्तूप मोडणारे आपण कोण? असं ठरवून ते पेपर घेऊन बसले. आणि हात दोन्ही मांड्यांखाली दाबून ठेवले.

हात लपवणं ही एक कला आहे आणि सर्जेराव तिच्यात बरेच पुढं गेले होते. ते चालताना हात मागं बांधू लागले, तर कॉलनीत लोक म्हणाले, सर्जेराव रिटायर झाल्यापासून साहेबासारखे चालतात. विहारात वंदनेला ते हात नेहमीपेक्षा घट्ट जोडत आणि नेहमीपेक्षा उशिरा सोडत. त्यांची श्रद्धा वाढल्याची बातमी पसरली. लिहायचं काम आलं की चष्मा घरी राहिलेला असे. शर्टाची बटणं हा खरा घोर होता, पण इस्त्रीवाल्यानं अलीकडे एक नवी पद्धत काढली होती. वरची दोन सोडून बाकी सगळी बटणं तो लावूनच पाठवायचा. शर्ट डोक्यातून घातला की झालं. सर्जेरावांना त्याचं आश्चर्य वाटे आणि एकदा त्याला शाबासकी द्यावी असंही वाटे. डॉक्टरकडे ते गेले नव्हते. भीती डॉक्टरची नव्हती. दीपमालाला कळेल, ती संभाजीनगरला नेईल, फाइल होईल, गोळ्या होतील, ते सगळं एकवेळ चाललं असतं. पण त्यानंतर त्या घरात एक वाक्य सुरू झालं असतं: 'बाबा, तुम्ही बसा, मी करते.' हे वाक्य त्यांना झोपेतसुद्धा ऐकू येई. लाल ब्रशचा पट्टा अंगावर कसा दिसतो हे त्यांच्याइतकं कुणाला माहीत नव्हतं. आणि रिजेक्ट मालाला मिलमध्ये कुणी शिव्या देत नसत, उलट हळूच बाजूला ठेवत, हेही.

त्या ब्रशमुळेच तर त्यांना दुसरा एक टेबललॅम्प आठवत असे. मालकाच्या पोराच्या केबिनमधला. पोरगं नवंच शिकून आलेलं, त्यानं सर्जेरावांना बोलावलं, खुर्ची दिली, ही वाईट खूण होती. टेबलावर हिरवी शेड असलेला लॅम्प. तिच्यातल्या तारेच्या चिमट्यानं ती थेट बल्बलाच चावून बसलेली. म्हणजे सगळा भार त्या काचेच्या फुग्यावर. पोरगं म्हणालं, सर्जेराव, तो लॉट जाऊ द्या, जरासाच तर चिरतोय. ते बोलत असताना शेड घसरली आणि उजेड नेमका पोराच्या डोळ्यांवर गेला. सर्जेराव म्हणाले, "साहेब, जरासंच चिरणारं छत तुमच्या घरावर घालू का?" आणि खाली येऊन त्यांनी त्या अख्ख्या लॉटवर आपल्या हातानं पट्टा ओढला, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, पट्टी लावल्यासारखा सरळ. लोक काम थांबवून बघत होते. तो हात आणि हा हात एकच, हे मनाला पटवून देणं आताशा अवघड जाई. कधी कधी ते हाताकडे असे बघत जसं एखाद्या हुशार पोराच्या बापानं नापासाच्या निकालाकडे बघावं. छापण्यात चूक असणार.

दुपारी नरहरराव आले. समोरच्या घरातले, सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले, आणि तेव्हापासून सगळ्या कॉलनीचं कामकाज विनावेतन बघणारे. येताच त्यांनी बंद पंख्याकडे पाहिलं, घामेजलेल्या सर्जेरावांकडे पाहिलं, शेवटी लॅम्पकडे पाहिलं.

"काय सर्जेराव, लॅम्पला लकवा मारला काय?"

सर्जेरावांचा हात खिशात गेला. "कलला हाय जरासा."

"जरासा? आमच्या ऑफिसातल्या फायली याच्यापेक्षा सरळ उभ्या राह्यच्या. आमच्या पोराकडं, स्वानंदकडं हाये ना एक लॅम्प. त्याची शेड होल्डरवरच बसती, वरून चाकी आवळली की खेळ खतम. ही काय भानगड, अशी लटकवलेली?"

"लटकवलेली न्हाई, पेललेली हाय. ह्या कमानीवर."

"मंग पडून कामून राह्यली?"

"वरती एक घुंडी असती," सर्जेराव म्हणाले, आणि पुढचे शब्द आपल्या तोंडून निघताना त्यांना ऐकू आले, "ती आलीच न्हाई खोक्यात."

घुंडी नरहररावांच्या पाठीमागं, काचेआड, तथागतांच्या शेजारी झळकत होती. खोटं न बोलण्याचं शील हे पाचांतलं चौथं. सर्जेराव ते पोरवयापासून पाली भाषेत पाठ म्हणत आले होते, आणि आता ते मराठीत, मूर्तीच्या समोर, शेजाऱ्याच्या साक्षीनं मोडलं गेलं. मूर्तीच्या चेहऱ्यावरचं स्मित होतं तेवढंच राहिलं. नरहररावांना मात्र कामकाज मिळालं होतं. त्यांनी तिथल्या तिथं फोन काढून स्पीकरवर टाकला.

"दीपाबेटा, जय भीम. नरहरकाका बोलून राह्यलो. तुझ्या लॅम्पची घुंडी कंपनीनं खाल्ली."

"घुंडी म्हणजे फिनियल का, काका?"

"ते तू बघ बाई. आमच्यात बटणापेक्षा मोठी असली की घुंडीच म्हणतात."

"बरं झालं सांगितलंत. इथं मिळते दुकानात, रविवारी येताना घेऊन येते. आणि काका, बाबांना म्हणावं घाई करू नका, मी आले की लावू. लावणार बाबाच! त्यांच्या हाताशिवाय आमच्या घरात एक खिळा भिंतीत गेलेला नाही."

"ऐकलं का?" नरहररावांनी अभिमानानं विचारलं, जणू तो हात त्यांचा होता. आतल्या दारात चांगुणाबाई उभ्या होत्या. त्यांनीही ऐकलं असावं. त्या कोपऱ्यातला पेपर उचलून स्वतःला वारा घालत आत गेल्या. घरात सकाळपासून पंखा बंद होता आणि त्यांनी एकदाही का म्हणून विचारलं नव्हतं. सर्जेरावांना वाटलं, बायकोनं इतकंही साधं असू नये.

रविवारी सकाळी दीपमालाचा फोन आला, "बदनापूर सोडलं." जालन्याच्या घरांत या वाक्याचा अर्थ भात टाका असा होतो. चांगुणाबाई स्वयंपाकघरात गेल्या आणि सर्जेरावांनी शोकेस उघडली. लेकीसमोर पहिल्यांदा हरण्यापेक्षा एकट्यानं एकदा जिंकून बघावं, असा विचार होता. घुंडी काढली, टेबलाशी बसले, कोपर टेकवलं, श्वास धरला. टकटक, टकटक. एखाद्या चिमणीनं आरशावर चोच मारावी तसा आवाज. शेड मान हलवत होती, नाही, नाही. त्यांनी हात मागं घेतला आणि नुसतेच बघत राहिले. कडं खिळ्यात होतं. शेडचं सगळं वजन कमानीवर होतं. मग ही एवढीशी घुंडी उचलत काय होती? काहीच नाही. आणि एकदम त्यांच्या डोळ्यांसमोर वाटूरचं घर आलं, गावाच्या कडेचं, मातीच्या भिंतींवर बापानं टाकलेले पत्रे आणि त्या पत्र्यांवर ठेवलेले दगड. लहानपणी त्यांना वाटायचं दगड पत्र्याला जड होत असतील, म्हणून एकदा त्यांनी वर चढून दोनतीन ढकलून दिले होते; संध्याकाळच्या वावटळीत पत्रा अशा आवाजानं फडफडला की आई घराबाहेर पळाली आणि बाप रात्रीचं जेवण सोडून काळोखात दगड हुडकत फिरला. दगड छप्पर उचलत नव्हते. ते फक्त त्याला जाऊ देत नव्हते. घुंडी म्हणजे पत्र्यावरचा दगड होती, आणि एका टेस्टिंगवाल्याला हे समजायला एवढी वर्षं लागली. भार उचलणाऱ्याला पगार मिळतो, बढती मिळते, निवृत्तीला शाल मिळते. नुसतं जागेवर धरून ठेवणाऱ्याचं नाव कुठल्या तक्त्यात लिहीत असतील? या प्रश्नाचं उत्तर स्वयंपाकघराच्या दिशेनं जातंय असं त्यांना वाटायला लागलं, तेवढ्यात फाटक वाजलं.

दीपमाला आली ती उन्हानं लाल झालेली, हातात पिशवी, पिशवीत नवी घुंडी. "पंखा का बंद आहे? मारता का मला?" असं म्हणत तिनं बटण दाबलं, शेड झुकली, ती हसली, आणि मग तिची नजर टेबलावर गेली. "हे काय? आहे की घुंडी!"

सर्जेरावांनी उजवा हात मांडीखाली सारला. चांगुणाबाई पिठाचे हात घेऊन बाहेर आल्या. त्यांनी टेबलाकडे पाहिलं, नवऱ्याकडे नाही.

"ती मी ठिवल्ती शोकेसमध्ये. त्यांना सापडली असंल आता."

"शोकेसमध्ये? का?"

"स्तूपावानी दिसली."

दीपमाला सोफ्यावर कोसळलीच. डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसली. "आई गं! लॅम्पच्या घुंडीचा स्तूप! तरीच म्हणलं कंपनी कशी विसरली. थांब, अशीच थांब, फोटो काढते, ग्रुपवर टाकते. सगळ्यांना कळू दे."

"टाक," चांगुणाबाई म्हणाल्या. "मला काय कळतंय, बाई."

हे वाक्य सर्जेरावांनी ऐकलं आणि खुर्चीत ताठ झाले. इतक्या वर्षांच्या संसारात हे वाक्य त्यांनी या बाईच्या तोंडून कधी ऐकलं नव्हतं. कळत नाही? विहारातल्या बायकांबरोबर सांचीला गेलेली ही बाई, तिथल्या गाइडला थांबवून म्हणाली होती, तुम्ही घाई करून राह्यले, वरचा चौकोनी कठडा सांगितलाच न्हाई, छत्र कशावर उभं हाय ते आधी सांगा. परत आल्यावर महिनाभर कॉलनीला तोच वर्ग चालला होता. शिलाई मशीन सगळं उकलून, तेल घालून, डोळे मिटून परत जोडणारी ही बाई, बॉबिनचा आटा आणि स्क्रूचा आटा अंधारात चाचपून ओळखणारी, तिला आतून आटे पाडलेली पोकळ घुंडी स्तूप वाटली? दार त्या दिवशी रिकामं होतं ते तिनं रिकामं केलं होतं म्हणून. इस्त्रीवाला! इस्त्रीवाल्याला कधी काय सुचलं होतं जे आता सुचेल? तीन दिवस घामाघूम होऊन ती पंख्याबद्दल बोलली नव्हती. आणि आता ती पिठाचे हात पुढं धरून, पोरीच्या मोबाइलसमोर अडाणी होऊन उभी होती, नवऱ्याच्या हाताकडे कुणी बघू नये म्हणून. सर्जेरावांना आधी लाज वाटली. पण ती फार टिकली नाही, कारण तिच्या पाठोपाठ जे आलं ते तिच्यापेक्षा खूप मोठं होतं. आपली बायको! असा माल त्यांच्या हाताखालून हयातीत गेला नव्हता, आणि त्यावर ही पोरगी हसत होती.

"दीपा, मोबाइल ठेव."

आवाज मिलमधला होता. दीपमालानं तो लहानपणानंतर ऐकला नव्हता. मोबाइल खाली गेला.

"तुझ्या आईला स्तूप तुझ्या कॉलेजपेक्षा जास्त कळतो. घुंडी मला लावता आली न्हाई. माझा हात चालत न्हाई." त्यांनी तो मांडीखालून काढला आणि टेबलावर, सगळ्यांच्या मधोमध, ठेवला. तिथं तो आपलं काम करू लागला. "मला लावायला लागू नये म्हणून तिनं ती तिकडं ठेवली. हसायचं तर इकडं बघून हस."

कुणी हसलं नाही. दीपमालाच्या चेहऱ्यावरून प्राध्यापकी उतरत गेली आणि खाली एक लहान मुलगी उरली.

"कधीपासून, बाबा?"

"डिसेंबर असंल."

"दसऱ्याला नागपूरला गेल्तो तवापासून," चांगुणाबाई म्हणाल्या. "दीक्षाभूमीवर मेणबत्ती लावताना सुरू झाला. ह्यांना वाटलं वारा हाय."

सर्जेरावांनी तिच्याकडे पाहिलं. त्यांच्या स्वतःच्या हाताची बातमी त्यांच्या आधी दोन महिने तिला लागली होती. मिलमध्ये असा एक माणूस हाताखाली असता तर, असं त्यांच्या मनात आलं; मग तो माणूस कुणाच्या हाताखाली असता, याची त्यांना शंका आली.

दीपमाला उठली. "उद्याच तुम्हाला घेऊन जाते. आणि हे राहू द्या आता. बाबा, तुम्ही बसा, मी…"

आलं. ते वाक्य आलं. इतके महिने ज्याला घाबरून ते मागं हात बांधून फिरले होते, ते आलं आणि पंख्याच्या वाऱ्यात तसंच लोंबकळत राहिलं. सर्जेरावांनी त्याच्याकडे नीट बघितलं. एवढं काही जड नव्हतं.

"येतो उद्या. पण बसायला काय झालं? घुंडी फिरताना कमान फिरती, तिला धरायला माणूस लागतो." त्यांनी दोन्ही हातांनी खांब आणि कमान अशी आवळली की पितळेची बैठक टेबलात रुतली. जड कामाला हात अजून तयार होता. पकडीत आला तसा तो शांत झाला. "चांगुणा, हात धू. लाव घुंडी. आधी उलटी फिरव, आटा टक् वाजला की मंग सुलटी. तिरकी घालू नको."

"मशीनवर जल्म गेला माझा, शिकवू नका."

"शिकवून न्हाई राह्यलो, आर्डर देऊन राह्यलो."

"द्या. आज रविवार हाय, ऐकून घेते."

तिनं घुंडी उलटी फिरवली, टक् वाजलं, मग सुलटी फिरवली, सहज, पोळीच्या गोळ्याला बोट लावावं तशी. दीपमाला बाजूला उभी होती. आपण डॉक्टर असून आपल्याला या घरात काही काम नाही, हे तिनं फार दिवसांनी अनुभवलं. सर्जेरावांनी हात सोडले. पंखा फिरत होता. शेड उभी होती. त्यांनी तिला एका बोटानं ढकलून पाहिलं, सवयीनं; ती हलली आणि परत जागेवर आली.

"पास," ते म्हणाले, आणि कुणाला म्हणाले ते त्यांनी सांगितलं नाही.

चहा झाला तेव्हा नरहरराव आलेच. दाराबाहेरूनच म्हणाले, "बसली का घुंडी? बघू सर्जेरावांचं काम!"

"आमचं न्हाई, चांगुणाचं. माझा हात थरथरतो," सर्जेराव जिल्ह्याचा निकाल सांगावा तशा खणखणीत आवाजात म्हणाले. "या. जरा लांब बसा, चहा उडंल."

नरहररावांच्या सरकारी नोकरीत जे कधी घडलं नव्हतं ते घडलं. सांगितलेलं काम लगेच झालं. ते लांब बसले. सर्जेरावांनी उजव्या हातानं, सगळ्यांच्या देखत, कपबशी उचलली. कप बशीवर वाजायला लागला, चांगला मोठ्यानं, पार फाटकापर्यंत ऐकू जाईल असा. दीपमाला पुढं झाली. चांगुणाबाईंनी तिचा पदर मागून धरला. अर्धा चहा बशीत सांडला. सर्जेरावांनी कप टेबलावर ठेवला, बशी दोन्ही हातांत धरून ओठांना लावली आणि फुर्रकन् ओढली. जालन्यात चहा तसाही बशीतूनच पितात.